वाचकांचे प्रश्न : कोरियन आयडलांचे माहितीपट आणि कॅमेऱ्याचा मालक

मागील एका अंकात कोरियन पॉप गायकांच्या, म्हणजे तिकडे ज्यांना ‘आयडल’ म्हणतात त्यांच्या, खऱ्या आयुष्यावरील माहितीपटांचा या सदरात ओझरता उल्लेख आला होता. त्यावर बडोद्यातून इतकी पत्रे आली की या वेळचे संपूर्ण सदर त्यांनाच देत आहे. पत्रे जागेअभावी थोडी आखडती घेतली आहेत.

प्रश्न : माझी मुलगी दहावीत आहे. शनिवारी रात्री अभ्यास आटोपला की ती कोरियन गायक-गायिकांचे माहितीपट लावते आणि मला सांगते, “आई, हा सिनेमा नाही, हे खरे आहे.” त्यातील मुले-मुली रडतात, थकतात, घरची आठवण काढतात. हे खरोखर त्यांचे आयुष्य असते, की तीही एक प्रकारची जाहिरातच?
— एक आई, मांजलपूर

उत्तर : ताई, आपल्या मुलीचे म्हणणे अर्धे बरोबर आहे. त्यातील अश्रू बहुतेक वेळा खरे असतात. परंतु महिनोन्‌महिने केलेल्या चित्रीकरणातून कोणते अश्रू ठेवायचे आणि कोणते गाळायचे, हे ठरवण्याचा अधिकार रडणाऱ्याच्या हातात क्वचितच असतो. म्हणून असा कोणताही माहितीपट पाहताना मी आधी श्रेयनामावलीत निर्माता म्हणून कोणाचे नाव आहे, ते पाहते.

बीटीएस या सात जणांच्या गटावरचा ‘बर्न द स्टेज’ घ्या. २०१७ सालच्या त्यांच्या दौऱ्यात त्याचे चित्रीकरण झाले, २०१८ मध्ये आधी आठ भागांची मालिका यूट्यूबवर आली आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात चित्रपटगृहांत चित्रपट लागला. त्यामागे त्यांचीच कंपनी, म्हणजे बिग हिट, होती. मालिकेच्या एका भागात चिलीमधील कार्यक्रम संपल्यावर गटातील सर्वांत धाकटा जंगकूक मंचामागे कोसळतो आणि त्याला सावरण्यासाठी भोवतालच्या माणसांची धावपळ उडते. दुसऱ्या एका भागात जिन आणि व्ही या दोघांची कार्यक्रमाच्या ऐन तोंडावर, मंचावरच्या हालचालींवरून चांगलीच जुंपते. कंपनीने हे दडवले नाही, ही गोष्ट तिच्या बाजूने नोंदवली पाहिजे. पण तो मुलगा इतका का थकला, दौऱ्याचे वेळापत्रक कोणी आखले, दोन कार्यक्रमांमध्ये विश्रांतीचे दिवस किती होते, हे प्रश्न तो कॅमेरा विचारत नाही. थकवा तिथे चाहत्यांवरच्या प्रेमाची खूण म्हणून येतो, आपले डोळे पाणावतात, आणि ज्याला जाब विचारायचा तो मात्र चौकटीबाहेर उभा राहतो.

ब्लॅकपिंक या चार मुलींच्या गटावरील ‘लाइट अप द स्काय’ हा ऑक्टोबर २०२० मध्ये नेटफ्लिक्सवर आलेला माहितीपट थोडा निराळा आहे. दिग्दर्शिका कॅरोलिन सू बाहेरच्या होत्या आणि त्यांनी चौघींना स्वतंत्रपणे, निवांत बोलते केले आहे. त्यांच्यापैकी जेनी त्यात ट्रेनी, म्हणजे पदार्पणापूर्वी कंपनीत तालीम घेणारी उमेदवार, असतानाचे दिवस सांगते : दर महिन्याला परीक्षा, दारू-सिगारेट-टॅटू सर्व निषिद्ध, आणि ज्या मैत्रिणींसोबत राहिलो त्यांना एकेक करून घरी पाठवलेले पाहणे. या भागात तिचा आवाज जराही चढत नाही, आणि म्हणूनच तो लक्षात राहतो. तरीही चित्रपटाची बांधणी २०१६ मधील पदार्पणापासून २०१९ मधील अमेरिकेतल्या कोचेला संगीत महोत्सवातील मंचापर्यंत चढत जाणारी आहे. त्या वाटेवरचे सगळे दुःख शिखराकडे नेणारी पायरी होऊन बसते.

हा माहितीपट मी माझ्या भाचीबरोबर पाहिला. चौघींपैकी रोझे रात्री स्टुडिओत गाण्याची जुळवाजुळव करत बसली आहे, असे एक दृश्य आहे. भाचीने तिथे चित्र थांबवले आणि विचारले, “मावशी, ती एकटी आहे असे वाटते, पण कॅमेरावाला तर तिथेच असेल ना?” तेरा वर्षांच्या मुलीला पडलेला हा प्रश्न मला अनेक समीक्षकांच्या लेखांत सापडला नव्हता.

आता उलट टोकाचे उदाहरण. वृत्तपत्रात पत्रकार असलेल्या ली हाक-जून यांनी नाइन म्यूझेस या नऊ मुलींच्या गटाबरोबर दीर्घकाळ राहून ‘नाइन म्यूझेस ऑफ स्टार एम्पायर’ हा माहितीपट केला. तो २०१२ मध्ये आला. गटाचे पदार्पण २०१० सालचे आणि ते फारसे यशस्वी झाले नव्हते, हे आधीच लक्षात घ्यावे. यात शिखर नाही. मॅनेजर तालमीच्या खोलीत ओरडतो, मुली मान खाली घालून ऐकतात, कोणी गट सोडून जाते, तिच्या जागी दुसरी येते, आणि गटप्रमुख सेरा हिला एकीकडे मैत्रिणी आणि दुसरीकडे कंपनी अशा कात्रीत दिवस काढावे लागतात. एवढे सगळे टिपू दिले, याचा त्या कंपनीला पुढे पश्चात्ताप झाला असेल तर नवल नाही. या क्षेत्रावरचा इतका निर्भीड माहितीपट मी दुसरा पाहिलेला नाही.

मुलीला “हे पाहू नकोस” असे मात्र सांगू नका. तिच्या शेजारी बसून ‘लाइट अप द स्काय’ पाहा, चौघींची नावे तिच्याकडून शिकून घ्या, आणि पुढच्या शनिवारी नाइन म्यूझेसचा माहितीपट मिळवून दोघी मिळून पाहा. फरक तिला तुमच्या आधी दिसेल.

प्रश्न : मी निवृत्त संगीत शिक्षक आहे. आमच्या शहराने फैयाज खाँसाहेबांसारखे गायक पाहिले. पूर्वी शिष्य गुरूच्या घरी वर्षानुवर्षे राहत, पाणी भरत, बोलणी खात, तेव्हा कुठे चार सूर पदरात पडत. कोरियातील मुलांनी चार-पाच वर्षे मेहनत केली तर तिला शोषण का म्हणावे? आमची नात हे माहितीपट पाहून हळहळते, मला त्यात हळहळण्यासारखे काही दिसत नाही.
— एक वाचक, दांडिया बाजार

उत्तर : गुरुजी, आपला प्रश्न मला फार मोलाचा वाटला, कारण या माहितीपटांत मेहनतच सर्वांत जास्त दिसते आणि करार जवळजवळ दिसतच नाही. ब्लॅकपिंकच्या चौघींनी पदार्पणापूर्वी साधारण चार ते सहा वर्षे तालीम घेतली. तालमीच्या कष्टांबद्दल आपले आणि माझे दुमत नाही. गाणे असो की नाच, रियाजाला पर्याय कोणत्याच देशात नाही.

फरक आहे तो हिशेबाचा. गुरूच्या घरी पाणी भरणाऱ्या शिष्याच्या नावावर त्याच्या जेवणाचे, कपड्यांचे, शिकवणीचे पैसे कर्ज म्हणून चढत नसत. कोरियन कंपन्यांत राहणे, खाणे, नृत्यशिक्षक, ध्वनिमुद्रण यांचा खर्च पुष्कळदा पदार्पणानंतरच्या कमाईतून आधी वळता केला जातो, आणि तो फिटेपर्यंत कलाकाराच्या हातात फारसे काही पडत नाही. मधूनच सोडून जाणाऱ्या ट्रेनींकडून गुंतवलेल्या रकमेच्या दुप्पट-तिप्पट वसुली करण्याची कलमे काही करारांत होती. तेथील न्याय्य व्यापार आयोगाने २०१७ मध्ये अशी कलमे बदलायला लावली. त्याआधी २००९ मध्ये टीव्हीएक्सक्यू या गाजलेल्या गटातील तिघे आपल्या १३ वर्षांच्या कराराविरुद्ध न्यायालयात गेले, आणि त्याच वर्षी आयोगाने सात वर्षांची मर्यादा घालणारा नमुना करार आणला. अनेक गट सातव्या वर्षी फुटतात, असे आपली नात आपल्याला सांगत असेल. त्याचे मूळ इथे आहे. २०१४ च्या कायद्याने अल्पवयीन कलाकारांच्या कामाच्या तासांना मर्यादा घातली आणि रात्री दहा ते सकाळी सहा या वेळेत त्यांच्याकडून काम घेण्यावर सर्वसाधारणपणे बंदी आणली. ज्या देशाला हे कायदे करावे लागले, तिथे हळहळण्याजोगे काही घडले असले पाहिजे, एवढे तरी आपण मान्य कराल.

खरे सांगायचे तर या कंपन्यांची तुलना गुरुगृहाशी करण्याऐवजी आपल्याच संस्थानाच्या कलावंत खात्याशी करून पाहावी. सयाजीराव महाराजांच्या बडोद्यात गवई, वादक, तंजावरहून आलेल्या नर्तकी हे सारे दरबाराच्या पगारावर असत आणि त्या खात्याचे लेखी नियम होते. चाकरी, हजेरी, वरिष्ठांची मर्जी, सगळे आलेच. पण त्या नर्तकींच्या दिवसाचे कोणी चित्रण करून ठेवलेले नाही. कोरियातल्या मुलींचे निदान तेवढे तरी झाले, आणि ते पाहताना मला आपल्या शहरातील त्या बायका हटकून आठवतात. नातीबरोबर एखादा माहितीपट पाहून आपल्याला काय वाटले, ते मला अवश्य कळवावे. तालमीच्या खोलीतील शिक्षक कसे शिकवतात, यावर आपला अभिप्राय वाचायला मला विशेष आवडेल.

प्रश्न : माझा दहा वर्षांचा मुलगा ‘केपॉप डेमन हंटर्स’ पुन्हा पुन्हा पाहतो. त्यातील तिघी खऱ्या गायिकांवर बेतलेल्या आहेत का?
— एक वडील, अलकापुरी

उत्तर : नाहीत. जून २०२५ मध्ये नेटफ्लिक्सवर आलेला तो ॲनिमेशनपट पूर्णपणे कल्पित आहे. मात्र त्यातील रुमी या पात्राची गाणी जिच्या आवाजात आहेत ती इजे ही गायिका लहानपणापासून दशकभर एका मोठ्या कंपनीत ट्रेनी होती आणि आयडल म्हणून तिचे पदार्पण कधी झालेच नाही. मुलाला ही हकिकत सांगा. त्याला ती राक्षसांइतकीच रोचक वाटेल.

प्रश्न : मी विद्यापीठात नृत्याचे शिक्षण घेते. या माहितीपटांत आपल्याकडची एखादी मुलगी आहे का? आणि असल्यास तिच्याकडे कसे पाहिले जाते?
— एक विद्यार्थिनी, फतेगंज

उत्तर : आहे. ओडिशातील राउरकेलाची श्रेया लेंका ओडिसी शिकलेली होती. २०२२ च्या मे महिन्यात तिची ब्लॅकस्वान या गटात निवड झाली आणि कोरियन आयडल गटात पोचलेली ती पहिली भारतीय मुलगी ठरली. तिच्याबरोबर ब्राझीलची एक मुलगी निवडली गेली, आणि पुढे काही काळ या गटात एकही कोरियन सदस्य नव्हता. ऑगस्ट २०२४ मध्ये ॲपल टीव्हीवर आलेल्या ‘के-पॉप आयडल्स’ या मालिकेत या गटाचा प्रवास आहे. परक्या भाषेत, परक्या शिस्तीत, एकमेकींशीही नीट न जुळलेल्या मुली एका खोलीत राहतात तेव्हा काय होते, हे त्यात बऱ्यापैकी मोकळेपणाने आले आहे. तुम्ही नृत्य शिकता म्हणून मुद्दाम सांगते : आपल्या शास्त्रीय नृत्यात शरीराला जडलेला जमिनीकडचा भार आणि त्यांच्या नाचातील झटके यांचा मेळ बसवणे किती अवघड असेल, या नजरेने ती मालिका पाहा. निवेदनात ऐकू येणार नाही, पण पावलांत पाहता येईल असे त्यात पुष्कळ आहे.

दुसरी मालिका ऑगस्ट २०२४ मध्येच नेटफ्लिक्सवर आलेली, नाडिया हॉलग्रेन यांनी दिग्दर्शित केलेली, ‘पॉप स्टार अकॅडमी : कॅट्सआय’. कोरियन पद्धतीची तालीम अमेरिकेत देऊन सहा मुलींचा आंतरराष्ट्रीय गट उभा करण्याची ती कथा आहे आणि त्या सहांपैकी लारा राज ही भारतीय वंशाची आहे. यातील एक प्रसंग मला विसरता आलेला नाही. मुली बराच काळ तालीम करत असतात, आपल्यातून गट निवडला जाणार हे त्यांना ठाऊक असते, पण ती निवड जाहीर स्पर्धेच्या रूपात, लोकांच्या मतांवर, एकेकीला बाहेर काढत होणार आहे, हे त्यांना उशिरा कळते. ती बातमी ऐकतानाचे चेहरे कॅमेऱ्याने टिपले आहेत. इथे दिग्दर्शिकेने संगीताचा जोर लावलेला नाही, चेहऱ्यांवर विश्वास ठेवला आहे. कंपनीच्या सहकार्याने तयार झालेल्या मालिकेत कंपनीच्याच निर्णयाविषयी इतके अवघडलेपण शिल्लक राहिले, याचे श्रेय मी दिग्दर्शिकेला देते.

प्रश्न : मी सतरा वर्षांची आहे. सल्लीवरचा माहितीपट पाहावा की नाही, हे मला ठरवता येत नाही. ती गेली तेव्हा मी लहान होते, पण तिची गाणी मी ऐकते. माझी मैत्रीण म्हणते की तो पाहणे म्हणजे मेलेल्या माणसाच्या खोलीत डोकावणे.
— एक मुलगी, कारेलीबाग

उत्तर : तुझ्या मैत्रिणीने मांडलेली शंका हलकी नाही, आणि ती मला तो माहितीपट पाहायला बसण्यापूर्वी स्वतःलाही आली होती.

सल्लीचे खरे नाव चोई जिन-री. ती बालकलाकार म्हणून आली, २००९ मध्ये एफएक्स या गटातून गायिका म्हणून पुढे आली, २०१५ मध्ये तिने गट सोडला आणि १४ ऑक्टोबर २०१९ रोजी, वयाच्या पंचविसाव्या वर्षी, तिचे निधन झाले. जुंग युन-सोक यांचा ‘डिअर जिनरी’ हा माहितीपट ‘पर्सोना : सल्ली’ या नावाखाली नोव्हेंबर २०२३ मध्ये नेटफ्लिक्सवर आला. त्याचा गाभा म्हणजे ती असताना, कॅमेऱ्यासमोर बसून, स्वतःच्या इच्छेने दिलेली दीर्घ मुलाखत. म्हणजे दार तिने स्वतः उघडले होते. तिच्या मागे तिच्या वस्तू उचकटून केलेला हा चित्रपट नाही, आणि माझ्या मनातील शंका यामुळेच बरीचशी दूर झाली.

त्यातली सर्वांत मोठी गोष्ट म्हणजे तिची शांतता. प्रश्न विचारला जातो, आणि ती थांबते. पुन्हा थांबते. इतर कोणत्याही माहितीपटात हे क्षण कापून टाकले असते. इथे ते तसेच ठेवले आहेत, आणि उत्तर शोधताना तिचे डोळे कुठे जातात हे आपण पाहत राहतो. लहानपणीच या क्षेत्रात आल्यावर आपल्याला ‘तू एक उत्पादन आहेस’ असे सांगण्यात आले होते, हे ती सांगते. हे वाक्य मी इथे लिहिताना मला जड जात आहे, पण ती ते अगदी साध्या सुरात बोलते.

तिला आलेल्या द्वेषपूर्ण प्रतिक्रियांविषयी तू वाचले असशील. अशा प्रतिक्रिया स्वतः वाचून दाखवण्याच्या एका दूरचित्रवाणी कार्यक्रमाचे सूत्रसंचालनही तिने २०१९ मध्ये केले होते. तिच्या निधनानंतर त्याच महिन्याच्या शेवटी दाउम या कोरियन संकेतस्थळाने करमणुकीच्या बातम्यांखाली प्रतिक्रिया लिहिण्याची सोय बंद केली आणि मार्च २०२० मध्ये नेव्हरनेही तेच केले. एका मुलीच्या जाण्यानंतर हे झाले, आधी का नाही, हा प्रश्न माहितीपट पाहून झाल्यावरही माझ्या मनातून गेलेला नाही.

तेव्हा पाहायचे असेल तर पाहा, परंतु एकटी, रात्री, परीक्षेच्या दिवसांत पाहू नकोस. आईबरोबर किंवा त्याच मैत्रिणीबरोबर दिवसा पाहा आणि मध्येच बंद करावासा वाटला तर बंद कर. त्यात सल्लीचा काही अपमान नाही. मन फारच जड झाले आणि घरी बोलता येईना, तर टेली-मानस या सरकारी सेवेचा १४४१६ हा क्रमांक चोवीस तास चालू असतो, तो लिहून ठेव.

आणि तुझ्या मैत्रिणीसाठी एक वेगळा माहितीपट सुचवते, कारण तिचा स्वभाव प्रश्न विचारण्याचा दिसतो. ओ से-योन ही तरुण दिग्दर्शिका शाळेत असताना एका गायकाची निस्सीम चाहती होती, इतकी की चाहती म्हणून ती दूरचित्रवाणीवरही झळकली होती. पुढे तो गायक गंभीर गुन्ह्यात दोषी ठरला. तेव्हा तिने कॅमेरा उचलला आणि आपल्यासारख्याच इतर मुलींना भेटत गेली : साठवलेली छायाचित्रे, सह्या, तिकिटे यांचे आता काय करायचे? ‘फॅनॅटिक’ हा तो माहितीपट २०२१ मध्ये बुसान चित्रपट महोत्सवात दाखवला गेला. आयडलांच्या खऱ्या आयुष्यावरचे माहितीपट पाहताना आपण चाहते कुठे उभे असतो, हे कंपनीचा पैसा नसलेल्या या छोट्याशा चित्रपटाने फार प्रामाणिकपणे दाखवले आहे. त्यात राग आहे, लाज आहे, आणि मनापासून प्रेम केल्याबद्दल स्वतःला दोष न देण्याची धडपडही आहे.

प्रश्न : आमच्या मंडळातील मुलांचा आग्रह आहे की यंदा गणेशोत्सवात एका संध्याकाळी बीटीएसचा माहितीपट पडद्यावर लावावा. ज्येष्ठ मंडळी कुरकुर करत आहेत. आपले मत काय?
— एक कार्यकर्ता, रावपुरा

उत्तर : घरगुती वर्गणीवर घेतलेले खाते घरातल्यांपुरतेच असते, त्यावरून मांडवात जाहीर खेळ लावता येत नाही, म्हणून हक्क असलेल्या कंपनीची लेखी परवानगी मिळाल्याशिवाय हा बेत करू नये. परवानगी मिळाली नाही तर मुलांना अर्धा तास द्या आणि त्यांनी पाहिलेल्या एका माहितीपटाविषयी त्यांनाच मराठीत बोलू द्या. ‘आर एम : राइट पीपल, राँग प्लेस’ हा त्यासाठी चांगला विषय आहे : २०२४ च्या बुसान महोत्सवात दाखवलेला, बीटीएसचा गटप्रमुख कोरियातील सक्तीच्या सेवेसाठी सैन्यात भरती होण्यापूर्वीच्या महिन्यांत मित्रांच्या गोतावळ्यात आपला अल्बम कसा घडवतो, हे सांगणारा. भरतीची तारीख डोक्यावर असताना हातातले काम पुरे करण्याची घाई ज्येष्ठांनाही समजेल, आणि कुरकुर करणाऱ्यांपैकी कोणाचा मुलगा सैन्यात असेल तर त्यांना पहिल्या रांगेत बसवा.